सोलापुरात जिवंत बुद्धिबळाचा डाव मांडायचा असेल तर

जिवंत बुद्धिबळ, म्हणजे सोंगट्यांच्या जागी माणसं उभी करून खेळायचा डाव, करायचं ठरलं की मंडळाची पहिली बैठक हमखास पोशाखावर घसरते. राजाला मुकुट कुठला, वजिराला पगडी की फेटा, खरा घोडा आणता येईल का. (आणू नका. हलगी वाजली की तो काय करेल ते त्यालाही ठाऊक नसतं.) पोशाख शेवटी ठरतो. त्याआधी पट, पटाआधी माणसं आणि माणसांआधी डाव.

याचं कारण साधं आहे. या खेळात बत्तीस जण पटावर येतात, पण एका वेळी चालतो एकच. बाकीचे एकतीस उभे असतात. या उभ्या माणसांचा विचार ज्या मंडळाने आधी केला, त्यांचा कार्यक्रम रंगतो. ज्यांनी केला नाही, त्यांच्या पटावर विसाव्या मिनिटाला प्यादी खाली बसून मोबाइल बघायला लागतात.

डाव आधीच ठरवा

बुद्धिबळ क्लबातली मुलं आग्रह धरतील की खराखुरा डाव खेळायचा, निकाल कुणालाच माहीत नको. ऐकायला छान वाटतं. १९२४ साली लेनिनग्राडच्या चौकात रोमानोव्स्की आणि रॅबिनोविच हे दोन कसलेले खेळाडू असा खराखुरा डाव खेळले. एका बाजूला लाल सेनेचे सैनिक, दुसऱ्या बाजूला नौदलाचे खलाशी. डाव पाच तास चालला आणि बरोबरीत सुटला. ते सैनिक होते, उभे राहिले. आपल्याकडे आठवीतली मुलं आणि सोसायटीतल्या काकू असणार.

इटलीतल्या मारोस्तिका गावात दर सम वर्षी सप्टेंबरमध्ये चौकात पट मांडतात. एका सरदारकन्येसाठी दोन वीरांनी १४५४ मध्ये तलवारीऐवजी बुद्धिबळावर निकाल लावला, अशी दंतकथा त्यामागे आहे. तिथे डाव आधीच ठरलेला असतो, म्हणून प्रवेश, संगीत, निशाणं सगळं जागच्या जागी बसतं. जपानमधल्या तेंदो गावात वसंतात चेरीच्या बहराखाली शोगीचा, म्हणजे जपानी बुद्धिबळाचा, जिवंत डाव होतो. तिथे खरे व्यावसायिक खेळाडू खेळतात, पण शक्यतो प्रत्येक मोहरा एकदा तरी हलला पाहिजे असा संकेत पाळतात. उभ्या माणसाचं दुःख त्यांना बरोबर कळलंय.

माझं मत विचाराल तर पहिल्या वर्षी एकच डाव घ्या: पॉल मॉर्फीने १८५८ मध्ये पॅरिसच्या ऑपेरागृहात खेळलेला. समोर ब्रुन्सविकचा ड्यूक आणि काउंट इझुआर हे दोघे सल्लामसलत करत खेळत होते, मॉर्फी एकटा होता आणि वय वर्षे एकवीस. सतराव्या चालीला मात. डाव असा (प्रत्येक ओळीत आधी पांढऱ्यांची म्हणजे मॉर्फीची चाल, मग काळ्यांची; ए ते एच हे पांढऱ्यांच्या डावीकडून उभे पट्टे, १ ते ८ या त्यांच्याकडून आडव्या ओळी; मोहऱ्याचं नाव नसेल तिथे प्यादं; × म्हणजे मारणं; किल्लेकोट म्हणजे राजा आणि हत्ती यांची एकत्र चाल):

१. ई४, ई५
२. घोडा एफ३, डी६
३. डी४, उंट जी४
४. डी×ई५, उंट×एफ३
५. वजीर×एफ३, डी×ई५
६. उंट सी४, घोडा एफ६
७. वजीर बी३, वजीर ई७
८. घोडा सी३, सी६
९. उंट जी५, बी५
१०. घोडा×बी५, सी×बी५
११. उंट×बी५ शह, बी८ चा घोडा डी७
१२. वजिराच्या बाजूला किल्लेकोट, हत्ती डी८
१३. हत्ती×डी७, हत्ती×डी७
१४. हत्ती डी१, वजीर ई६
१५. उंट×डी७ शह, घोडा×डी७
१६. वजीर बी८ शह, घोडा×बी८
१७. हत्ती डी८, मात

यात बारा वेळा मारामारी, तीन शह, एक किल्लेकोट आणि सोळाव्या चालीला वजिराचा बळी आहे. बुद्धिबळ न कळणारा माणूसही त्या बळीला खुर्चीच्या टोकावर येतो.

आता वेळेचा हिशोब. दोन्ही बाजूंच्या मिळून तेहतीस चाली. त्यातल्या एकवीस साध्या, प्रत्येकी चाळीस सेकंद, म्हणजे चौदा मिनिटं. बारा मारामाऱ्या सवा-सवा मिनिटाच्या, म्हणजे पंधरा मिनिटं. डाव अर्ध्या तासात आटोपतो. त्याआधी मोहऱ्यांची मिरवणूक पंधरा मिनिटं धरा. पाऊण तासाच्या पुढे कार्यक्रम नेऊच नका.

प्रेक्षकांना मात्र सुरुवातीलाच सांगून टाका की हा जुना, प्रत्यक्ष खेळला गेलेला डाव आहे. लपवलं तर तिसऱ्या रांगेतला एखादा आजोबा ओळखणारच, आणि मोठ्याने सांगणार.

कोण कुठे उभं राहणार

डावाची यादी घेऊन बसा आणि प्रत्येक मोहरा किती वेळा हलतो ते मोजा. या डावात बत्तीसपैकी तेरा मोहरे सुरुवातीपासून शेवटपर्यंत आपल्या घरातून हलत नाहीत. पांढऱ्यांची ए, बी, सी, एफ, जी आणि एच या पट्ट्यांतली सहा प्यादी. काळ्यांची ए, एफ, जी, एच पट्ट्यांतली चार प्यादी, एफ८ चा उंट, एच८ चा हत्ती आणि खुद्द काळा राजा.

या तेरा जागा म्हणजे अडगळ नव्हे, सोयच आहे. ज्यांना चाली पाठ होणार नाहीत अशी लहान मुलं, गुडघे दुखणारे ज्येष्ठ, ऐन वेळी आलेले हौशी, सगळ्यांची व्यवस्था इथे होते. प्रत्येकाला रंगवलेलं बुटकं स्टूल द्या. आपल्या शेजारच्या घरात काही घडत असेल तेव्हा उठायचं, एरवी बसायचं. एवढा एक नियम केला की पट शेवटपर्यंत भरलेला आणि जागा राहतो.

काळा राजा पाहुण्यांना देण्याची पद्धत चांगली आहे. हलायचं नाही, पोशाख भारी, फोटो उत्तम. फक्त आपल्यावर मात होणार आहे हे त्यांना आदल्या दिवशी सांगा. निवडणुका जवळ असतील तर पुढारी नको, एखादे निवृत्त मुख्याध्यापक बघा.

खरी मेहनत तिघांची. पांढरा वजीर तीन चाली करून मरतो, ते काम नाटकात काम केलेल्या मुलीला किंवा मुलाला द्या. एच१ चा पांढरा हत्ती तेरा चाली गप्प उभा असतो, चौदाव्याला डी१ वर येतो आणि सतराव्याला मात देतो. इथे धीराचा माणूस हवा. तिसरा म्हणजे काळ्यांचा जी८ चा घोडा. त्याची चिठ्ठी अशी लिहायची:

«चाल ६: एफ६ वर जा. चाल १५: डी७ वर पांढरा उंट आहे, त्याला मार. चाल १६: बी८ वर पांढरा वजीर आहे, त्याला मार. तिथेच थांब. तू मरत नाहीस.»

प्रत्येकाला फक्त स्वतःचीच चिठ्ठी मिळाली पाहिजे. पूर्ण डाव हातात दिला की माणूस दुसऱ्याची चाल बघत बसतो आणि स्वतःची चुकवतो. «तू मरत नाहीस» किंवा «चाल १३ ला मरतोस» हे शेवटी लिहायला विसरू नका, लहान मुलं तेवढंच विचारतात.

प्याद्यांसाठी गणेशोत्सवातलं एखादं लेझीम पथक गाठा. आपल्याकडे पेठेपेठेत पथकं आहेत. ओळीत येणं, एका ठेक्यावर थांबणं, शेजाऱ्याशी अंतर राखणं त्यांच्या अंगात मुरलेलं असतं. मोकाट मुलं गोळा करून हे शिकवायला गेलात तर तालमी तिप्पट लागतील.

बत्तीस मोहऱ्यांशिवाय दोन खेळाडू, एक सूत्रसंचालक, दोन हलगीवाले, मोठ्या टांगत्या पटावर चाली दाखवणारा एक मुलगा, चार राखीव आणि दोन चोपदार लागतात. चोपदार ही चैन समजू नका. प्रत्येक बाजूचा चोपदार काठी घेऊन जातो, ज्याची चाल आहे त्याच्यासमोर काठी टेकवतो आणि त्याला नव्या घरात सोडून येतो. मोहरा गोंधळला तरी प्रेक्षकांना ते राजेशाही थाटाचंच वाटतं. राखीवांपैकी तिघांनी वर सांगितलेल्या तिघांचं काम शिकून ठेवायचं.

जागा आणि दिवस

मे महिन्याचा विचारही करू नका, बेचाळीस अंशांत फेटा बांधून कोण उभं राहणार? जानेवारीच्या शेवटापासून फेब्रुवारीच्या मध्यापर्यंतचा काळ उत्तम. त्याआधी होम मैदान सिद्धेश्वरांच्या यात्रेतल्या गड्ड्याने, म्हणजे जत्रेने, व्यापलेलं असतं, आणि त्या दिवसांत शहराचं लक्ष दुसरीकडे कुठे जातही नाही.

होम मैदान मोठं आहे, पण या खेळाला सपाट मोठं मैदान उलट गैरसोयीचं. जमिनीवर उभ्या प्रेक्षकाला पट दिसतच नाही, पहिल्या रांगेतली डोकी दिसतात. दोन मजली शाळेचं मधलं आवार, तेही वरच्या मजल्यावर लांब गॅलरी असलेलं, मिळालं तर दुसरीकडे बघू नका. वरून पट नकाशासारखा दिसतो आणि खालच्या काँक्रीटवर आखणीही नीट होते.

जागेच्या मालकाची लेखी परवानगी घ्या. मैदान महापालिकेचं असेल तर अर्ज तिथे. ध्वनिक्षेपकाचा अर्ज स्थानिक पोलीस ठाण्यात आधीच द्या. कार्यक्रम संध्याकाळी संपणार असल्याने रात्री दहाच्या मर्यादेचा प्रश्न येत नाही, पण शाळेशेजारी दवाखाना असेल तर कर्ण्यांची तोंडं आत वळवा.

पटाची आखणी

एक घर पाच फूट बाय पाच फूट. म्हणजे पट चाळीस फूट बाय चाळीस, शिवाय चारही बाजूंना आठ-आठ फूट मोकळे. फक्त लहान मुलं असतील तर चार फुटांचं घर चालतं. हत्ती-उंटाचे सांगाडे असतील तर चार फुटांत दाटी होते.

दिशा नीट ठरवा, कारण निम्मं यश तिथेच आहे. पांढरे दक्षिणेला, तोंड उत्तरेकडे. प्रेक्षक पश्चिमेला. असं केलं की मावळतीचं ऊन प्रेक्षकांच्या पाठीवर पडतं आणि पटावर उजेड राहतो. दुसरा फायदा याहून मोठा आहे. पांढऱ्यांच्या डावीकडचा ए पट्टा प्रेक्षकांना लागून येतो, आणि या डावातली जवळजवळ सगळी हाणामारी त्याच बाजूला आहे: बी५ वरचे बळी, डी७ वरची कत्तल, बी८ वर वजिराचा शेवट, डी८ वर मात. पट उलटा ठेवलात तर हे सगळं पलीकडे घडेल आणि प्रेक्षक तासभर एच पट्ट्यातल्या न हलणाऱ्या प्याद्यांच्या पाठी बघतील. ए२, बी२, सी२ आणि ए७ ही प्यादी शेवटपर्यंत पुढेच उभी असतात, म्हणून तिथे सगळ्यात बुटकी मुलं ठेवा. त्यांच्या आयांनाही ती नीट दिसतात.

आखायला दोन माणसं, सुतळी आणि लांब टेप पुरे. दक्षिणेची चाळीस फुटांची रेघ आधी मारा. काटकोनासाठी गवंड्यांची रीत वापरा: कोपऱ्यापासून एका बाजूला चाळीस फूट, दुसऱ्या बाजूला तीस फूट मोजा, त्या दोन टोकांतलं तिरकं अंतर बरोबर पन्नास आलं की गुण्या बसला. चारही कोपरे झाल्यावर दोन्ही कर्ण मोजा. दोन्ही छप्पन्न फूट सात इंचांच्या आसपास आणि एकमेकांसारखे आले पाहिजेत. नसतील तर आत्ताच सुधारा, घरं रंगवल्यावर कुणी सुधारत नाही.

पांढरी घरं काँक्रीटच्या रंगाचीच राहू द्या, फक्त बत्तीस गडद घरं गेरूने भरा. गेरू पाण्यात दाटसर कालवून रुंद कुंच्याने फासला की दोन तासांत वाळतो, उन्हात चमकत नाही आणि नंतर धुऊन निघतो. चुना वापरू नका, हातापायांना चावतो. मातीच्या मैदानावर रेघांना फक्की चालेल, पण अख्खी घरं फक्कीने भरली तर दहाव्या चालीला सगळे खोकत असतील. चादरी किंवा कापडाचे चौकोन अंथरायचा मोह सोलापुरात होणारच. तो आवरा, पाय अडकून पडायला तेवढं पुरतं.

रंगवण्याआधी एकदा खात्री करा: दोन्ही खेळाडूंच्या उजव्या हाताचं कोपऱ्यातलं घर पांढरं हवं. आणि वजीर आपापल्या रंगावर, पांढरा वजीर पांढऱ्या घरात, काळा काळ्या घरात. ही चूक झाली की दुसऱ्या दिवशी फोटोखाली शहरातले सगळे बुद्धिबळपटू तेवढंच लिहितात.

मेलेल्या मोहऱ्यांसाठी बाकं पूर्वेला ठेवा, म्हणजे प्रेक्षकांच्या आड येत नाहीत. तिथे पाण्याचा जार आणि शेंगदाणे-गूळ असू द्या.

पोशाख

विषय म्हणून मराठे विरुद्ध मोगल किंवा आदिलशाही हे पहिल्यांदा सुचतं. सोडून द्या. डाव ठरलेला आहे, एक बाजू हरणारच आहे, आणि कोण हरलं यावरून उद्या चौकात चर्चा नको. आपल्या शहरात त्याहून चांगला विषय हाताशी आहे: दिवसपाळी विरुद्ध रात्रपाळी. १८७७ मध्ये सुरू झालेल्या जुन्या मिलपासून इथे पिढ्यान् पिढ्या भोंग्यावर उठल्या-बसल्या. पांढरे ते दिवसपाळीचे, काळे ते रात्रपाळीचे. भोंग्याचा आवाज ध्वनिमुद्रित करून ठेवा आणि प्रत्येक शहाला वाजवा. तीन शहांना एकेकदा, मातेला लांबवर. वरच्या गॅलरीतली जुनी माणसं त्या आवाजाला काय करतात ते बघाच.

काळ्या कपड्यांचा खर्च जानेवारीनंतर जवळजवळ शून्य. संक्रांतीला घेतलेल्या काळ्या साड्या, कुर्ते, झबली घरोघरी ताजी असतात. पांढऱ्यांना पायजमा-सदरा आणि टोपी. फक्त यात्रेतली पांढरी बाराबंदी पटावर आणू नका. ती नंदीध्वजाच्या मानाची आहे, सोंगाची नाही.

दुरून मोहरा ओळखू येतो तो डोक्यावरून, म्हणून पैसा आणि कष्ट डोक्यावर घालवा. प्याद्यांना खांद्यावर टॉवेल आणि साधी टोपी. घोड्याला, उंटाला कामट्या आणि कागदाच्या लगद्याचं तोंड, ते कपाळाच्या वर बसवायचं. डोळ्यांवरून मुखवटा आला की माणूस रेघ ओलांडून चुकीच्या घरात जातो. उंटाची मान सगळ्यात उंच ठेवा, गॅलरीतून तोच आधी शोधला जातो. हत्तींच्या अंगावर सोलापुरी चादरीची झूल: जॅकार्डवर विणलेले मोर आणि फुलं उन्हात खुलतात, जाड कापडामुळे अंग रुंद दिसतं. एका बाजूच्या दोन्ही चादरी एकाच रंगाच्या घ्या. खांद्यावर नुसती टाकू नका, मानेशी दोन नाड्या शिवून घ्या. गणवेश शिवणाऱ्या कारखान्याच्या ओळखीच्या माणसाला सांगितलंत तर नाड्या, पट्टे, कडा एका दुपारी होतात आणि उरलेल्या कटपीसमधून निशाणंही निघतात.

तलवारी पुठ्ठ्याच्या. दांडपट्टा खेळणारं शिकलेलं पथक असेल तर मिरवणुकीत खेळवा, पटावर नको.

तालीम

पहिली तालीम टेबलावर. साध्या पटाभोवती बत्तीसही जण उभे करा, प्रत्येकाने आपलीच सोंगटी हलवायची. दोन फेऱ्यांत अर्धे प्रश्न संपतात.

दुसरी जमिनीवर, पोशाखाविना. इथे चालण्याची रीत पक्की करा. साधा मोहरा घरांच्या मधून सरळ चालतो. घोडा मात्र रेघांवरून चालतो, दोन घरं सरळ आणि एक आडवं, म्हणजे उभ्या माणसांना धक्का लागत नाही आणि अडीच घरांची चाल लोकांना दिसते. मारताना मारणारा त्या घराच्या काठावर थांबतो, लुटुपुटीची झटापट होते, मेलेला विरुद्ध बाजूने बाहेर पडतो, मगच मारणारा आत पाऊल टाकतो. एका घरात दोघे कधीच नाहीत.

किल्लेकोटाला वेगळा वेळ द्या. आधी राजा ई१ वरून दोन घरं डावीकडे, सी१ वर. मग कोपऱ्यातला हत्ती डी१ वर. दोघे एकदम निघाले की हमखास धडकतात. काळ्यांच्या बाजूला डावं-उजवं उलटं होतं, म्हणून सूचना देताना ‘डावीकडे’ न म्हणता ‘शाळेच्या फाटकाकडे’, ‘गॅलरीकडे’ असंच म्हणा.

तिसरी तालीम पूर्ण पोशाखात आणि ठरलेल्या वेळीच, म्हणजे ऊन कुठे येतं ते कळतं.

प्रत्यक्ष संध्याकाळ

पाचला मिरवणूक, सव्वापाचला पहिली चाल. फेब्रुवारीच्या तोंडाशी सव्वासहानंतर सूर्य मावळतो, तोवर सगळं आटोपलेलं असतं आणि दिव्यांचा खर्च वाचतो.

सूत्रसंचालकाने ‘ई४’ म्हणायचं नाही. «राजापुढचं प्यादं, दोन घरं पुढे» असं म्हणायचं. ए-बी-सी आणि आकडे पटाच्या कडेला आणि चोपदाराच्या कागदावर असू द्या. पूर्व भागात कार्यक्रम असेल तर घोडा निघताना ‘गुर्रम’ आणि ‘कुदुरे’ असा घोड्याच्या तेलुगू आणि कन्नड नावांचा पुकारा करून बघा, पुढच्या घोड्याला मुलं स्वतःच ओरडतात. चालीमागचा विचार दोन वाक्यांत सांगा, व्याख्यान देऊ नका.

हलगी फक्त मारामारीला. साध्या चालीला वाजवली तर खऱ्या वेळी तिचा जोर उरत नाही. सोळाव्या चालीला उलट करा: पांढरा वजीर बी३ वरून निघाला की हलगी बंद, बोलणं बंद. त्याने एकट्याने पाच घरं चालत काळ्यांच्या शेवटच्या ओळीत जायचं, भोंगा वाजेल, आणि काळा घोडा येऊन त्याला मारेल. लोकांना वाटतं पांढरे हरले. इथे सूत्रसंचालकाने दहा सेकंद काहीही बोलायचं नाही. मग डी१ वरचा हत्ती चालायला लागतो, चादर सावरत, सात घरं, आणि हलगी त्याच्या पावलांबरोबर वाढत जाते.

मात झाल्यावर काळ्या राजाने टोपी काढून गुडघ्यावर ठेवायची आणि दोन्ही खेळाडूंनी पटावर उतरून हात मिळवायचे. बाकावरची मेलेली मंडळीही पटावर बोलवा, फोटो बत्तीस जणांचा हवा. पोशाख परत घेताना यादी समोर ठेवा, चादरी आणि टोप्यांवर आधीच आकडे टाकलेले असतील तर हे काम वीस मिनिटांचं आहे. गेरू त्याच रात्री धुऊन टाका. सकाळी शाळा भरली की मुलं त्यावरून पळतात आणि पायऱ्यांपर्यंत लाल पावलं उमटतात, मग पुढच्या वर्षी आवार मिळत नाही.